दीसा एकेरमार्कने आभार मानले नाहीत

जेवण झालं की आमच्याकडे मूल खुर्चीवरून उतरण्याआधी आईचे आभार मानतं. न मानता उतरलं तर त्याला परत बसवतात. बटाटे संपलेले असतात, बाहेर मित्र हाका मारत असतात, तरी बसवतात.

*

सुंडविक नगर नाट्यगृह, नियम चौदा : नटी पंचावन्नाव्या वर्षी निवृत्त होईल, नट पासष्टाव्या वर्षी. अपवाद करायचा की नाही हे व्यवस्थापक ठरवतील.

*

रंगमंचावर शिट्टी वाजवायची नाही. पूर्वी वरचे दोर ओढायला खलाशी ठेवत. शिट्टी ऐकली की ते दोर सोडत आणि खाली कोणाचं तरी डोकं फुटे. आता वर मोटारी आहेत. तरी वाजवायची नाही.

*

स्टेशनसमोरच्या व्हिडिओच्या दुकानात एक कॅसेट आहे. कव्हरवर पाठमोरी उघडी मुलगी, कमरेपर्यंत पाणी, मागे बर्चची झाडं. मुलीचं नाव कव्हरच्या पाठीमागे, खाली, बारीक अक्षरात.

*

प्रयोगाआधी नटाला शुभेच्छा द्यायच्या नाहीत. ढुंगणावर लाथ मारायची. लाथ खाणाऱ्यानं आभार मानायचे नाहीत, मानले तर प्रयोग पडतो. आमच्या देशात आभार मानणं अशुभ असतं असा हा एकच क्षण.

*

उत्तरेकडची माणसं 'हो' तोंडानं म्हणत नाहीत. ओठांचा चंबू करून हवा आत ओढतात. झालं त्यांचं हो. राजधानीच्या नाट्यशाळेत ही सवय मोडायला दोन वर्षं घेतात.

*

माझ्या वहीत तीन खुणा. चंद्रकोर म्हणजे नटाचा श्वास. उभी रेघ म्हणजे तो मुद्दाम थांबलाय, गप्प बस. वर्तुळ म्हणजे विसरलाय, सांग.

*

मी मायकेन रोसवाल. सुंडविकच्या नाट्यगृहात अठ्ठावीस वर्षं प्रॉम्प्टर होते. आमच्याकडे प्रॉम्प्टर विंगेत नसतो. रंगमंचाच्या पुढच्या काठाला, फळ्यांखाली, एक खोका असतो. त्यातून माझं डोकं तेवढं फळ्यांच्या वर, प्रेक्षकांकडे पाठ. मला लोक दिसत नाहीत, नटांचे बूट दिसतात. बूट बघून मी सांगू शकते कोणाला पुढचं वाक्य येत नाहीये. टाचा आधी विसरतात, तोंड नंतर.

दीसा एकेरमार्कच्या टाचा कधी विसरल्या नाहीत. सव्वीस वर्षांत, त्रेचाळीस भूमिकांत, माझ्या वह्यांमध्ये तिच्या नावापुढे चार वर्तुळं आहेत. त्यातलं एक तिची आई गेली त्या दिवशीचं.

राग्नार तुलीनच्या नावापुढे एकाच नाटकात एकसष्ट आहेत. एका प्रयोगात नव्हे हो, असं त्याची बाजू घेऊन मीच सांगते. एका मोसमात. तो १९८५ साली सदुसष्ट वर्षांचा होता आणि प्रियकराची कामं करत होता. वाक्य अडलं की तो मिशीखालून मला विचारायचा, "काय गं?" आणि लोकांना वाटायचं, वा, किती भावनाविवश झालाय. त्याला दोनदा मुदतवाढ मिळाली होती. नियम चौदा. अपवाद.

दीसा त्या एप्रिलमध्ये पंचावन्न झाली.

रेघ.

ती मंगळवारची सकाळ. व्यवस्थापक क्लेस वेनरहोल्मनं मला कँटीनमध्ये बोलावलं. क्लेस म्हणजे जाड विणीचा स्वेटर, पायात लाकडी खडावा, आणि आवाज असा की जणू शेजारी बाळ झोपलंय. तो कोणावर ओरडत नसे. तो सगळ्यांना 'तू' म्हणायचा आणि सगळ्यांनी त्याला 'तू' म्हणायचं, म्हणजे आम्ही सगळे सारखे. मी नाट्यगृहात आले तेव्हा जुना व्यवस्थापक होता. त्याला 'व्यवस्थापक महाशय' म्हणावं लागे, आणि तो तोंडावर म्हणायचा, तुला काढून टाकतो. त्याच्याशी निदान भांडता यायचं.

"बस ना, मायकेन. कॉफी घे. दालचिनीची बन आत्ताच भट्टीतून आलीय."

"काय काम होतं?"

"आधी खा. गरम आहे तोवर."

मी खायला लागले.

"शनिवारी दुपारचा प्रयोग मोसमातला शेवटचा," तो म्हणाला. "पडदा पडला की आपण दीसाचा निरोपसमारंभ करतोय. तिला माहीत नाही. तिच्यासाठी ही गंमत आहे."

"तिनं निवृत्तीच्या कागदावर सही केली?"

"अजून नाही."

"मग निरोप कसला?"

"कागद काय, नंतर होतो. सगळ्यांसमोर तिनं आभार मानले की झालंच ना. त्यानंतर कोण मागे फिरतं? तुला तर माहीतच आहे आपल्याकडचं."

मला माहीत होतं. निरोपाचे आभार मानलेला माणूस आमच्या मंडळीत परत आलेला नाही. १९११ सालापासून एकही नाही.

"शरदात 'गोदीची मालकीण' बसतंय," मी म्हटलं. "ते दीसासाठी लिहिलंय. लेखक तिच्या स्वयंपाकघरात बसून लिहीत होता. तिला ते करायचंय, क्लेस. तिला आत्ताच अर्धं पाठ आहे."

"मालकीण सत्तर वर्षांची आहे, मायकेन. अडीच तास उभं राहायचं. अंगात ताकद लागते." त्यानं माझ्या कपात दूध ओतलं. "यिवोन कास्क यायला तयार आहे. टीव्हीवरची. एक्केचाळीसची आहे."

म्हणजे सत्तर वर्षांच्या बाईचं काम करायला दीसा म्हातारी झाली होती. हे वाक्य त्यानं उच्चारलं नाही. त्याची वाक्यं नेहमी असल्या जागेच्या अलीकडेच थांबत.

"राग्नारला तू मुदतवाढ दिलीस."

"राग्नार म्हणजे राग्नार." तो हसला. "दीसा पाहुणी म्हणून येईलच की कधीतरी. आपल्याकडे दार कधी बंद नसतं. आणि हो, नवीन इमारतीचे नकाशे आलेत. प्रॉम्प्टरचा खोका नाहीये त्यात. पण जी माणसं आपल्याबरोबर चालतात त्यांना मी विसरत नाही."

बन चांगली होती. मी ती संपवली. उठले आणि म्हटलं, "कॉफीबद्दल आभार."

एवढंच बोलले मी. लोक विचारतात, तू त्याला काय कबूल केलंस? काहीही नाही. कॉफीचे आभार मानले.

चंद्रकोर.

शनिवार, अठरा मे. दुपारी एक वाजता मी मेकअपच्या खोलीत गेले. दीसा आरशासमोर, डोक्यावर केस बांधायची जाळी, समोर रिकामी बशी आणि 'गोदीची मालकीण'ची टाइप केलेली प्रत. त्या दुपारी भूमिका वेगळीच होती, एका विनोदी नाटकातली मावशी. पण ती प्रत आता कायम तिच्याजवळ असे. कडांवर लोण्याचे डाग.

"सकाळी एक जर्मन दारात उभा होता," ती म्हणाली. "बायको, दोन मुलं आणि कॅसेट. म्हणाला सही करा. मी विचारलं, कुठे करू, पाठीवर का?"

"मग?"

"मग काय. पाठीवरच केली. बिचाऱ्याची बायको लाजली." तिनं भुवई रंगवली. "त्या सिनेमाला तेहेतीस वर्षं झाली, मायकेन. अकरा सेकंद. मी त्यात एक शब्द बोलत नाही. राण्या केल्या, कसाबाची बायको केली, तीन वेळा वेडी झाले, एकदा पुरुष झाले. आणि माणसं माझ्याकडे बघताना अजून माझ्या मागे काहीतरी शोधतात."

"त्यांना काय कळतं."

"त्यांना नाही कळत ते ठीक. इथे आत बसलेल्यांना कळायला नको?" ती वळली. "ते जाऊ दे. दुसऱ्या अंकाचा शेवट ऐक. मुलगा मालकिणीला म्हणतो, आई, गोदी विकली. आता मी थांबते. मोज."

ती थांबली. नुसती माझ्याकडे बघत. खोलीतला पंखा ऐकू यायला लागला. मी मनात मोजत होते. ती बोलली, "तुला कोणी विचारलं होतं?"

"नऊ," मी म्हटलं.

"कमी पडलं. अकरा पाहिजेत. नवापर्यंत लोकांना वाटतं, काय सुंदर थांबलीय. दहाला वाटतं, विसरली की काय बाई. अकराला कोणीतरी खोकतं. त्या खोकल्यावर मला बोलायचंय. घाबरलेल्या माणसाचा खोकला असतो तो. तुझी रेघ लांब काढ तिथे."

"काढते."

"आणि कितीही झालं तरी तू तोंड उघडायचं नाहीस."

"सव्वीस वर्षांत उघडलंय कधी?"

ती हसली. चारदा उघडलं होतं, त्यातलं एकदा आई गेली त्या दिवशी. ते दोघींना माहीत होतं, म्हणून हसली.

तेव्हा सांगायचं होतं. तोंडापर्यंत आलं होतं. मी म्हटलं, "दीसा."

"काय?"

पहिली घंटा झाली.

"काही नाही. वळ."

ती उठली, मावशीचा झगा वर धरला आणि पाठ केली. मी लाथ मारली. तिनं आभार मानले नाहीत, कारण मानायचे नसतात. दारातून बाहेर जाताना मागे न बघता म्हणाली, "आज जरा जोरात लागली गं."

*

प्रयोग चांगला झाला. त्याबद्दल लिहिण्यासारखं काही नाही. राग्नारची सात वर्तुळं.

*

पडदा तीनदा उघडला, तीनदा पडला. चौथ्यांदा उघडला तेव्हा मंडळी हलली नाहीत. विंगेतून कपडेपटातल्या बाया आल्या, दिवेवाले आले, दारवान आला. खडावांचा आवाज. क्लेस. आज स्वेटरवर मखमली कोट. हातात हिरव्या पानांचं मोठं कडं, त्याला निळी-पिवळी रेशमी फीत. आमच्याकडे असलं कडं नटाला दोनदा मिळतं, निरोपाला आणि शवपेटीवर.

मला दीसाचे बूट दिसत होते. मावशीचे बूट, तपकिरी, बटणांचे. कडं दिसल्यावर त्यातला डावा बूट अर्धी वीत मागे गेला आणि परत जागेवर आला. बस्स.

क्लेस बोलला. आपण एक कुटुंब आहोत. कुटुंबातलं कोणी विसाव्याला जातं तेव्हा डोळे ओले होतात, पण मन भरून येतं. दीसानं सुंडविकला काय दिलं ते शब्दांत सांगता येणार नाही, म्हणून ते आपण बघू या.

त्यानं हात वर केला. पडदा उतरला, पांढरा, सिनेमाचा. दिवे मंद झाले.

तेच दाखवलं. कळलंच असेल. बर्चची झाडं, सपाट पाणी, पाठमोरी मुलगी पाण्यात उतरते, हात पसरते, पुढे झेपावते. अकरा सेकंद. मग परत पहिल्यापासून, कारण कोणीतरी फीत जोडून गोल केली होती. तीन वेळा. दीसा त्या पडद्याच्या खाली, मावशीच्या झग्यात, डोक्यावर पांढरा टोप, आणि तिच्या टोपाच्या वर तिचीच बावीस वर्षांची पाठ.

टाळ्या पडल्या. आणि रंगमंचावरून शिट्टी आली. राग्नार. सदुसष्ट वर्षांचा, सत्तेचाळीस वर्षं रंगमंचावर काढलेला माणूस, दोन बोटं तोंडात घालून.

"आपली जलपरी," क्लेस म्हणाला. "जणू पाण्यातच जन्मली. हाच फोटो आता प्रवेशदारापाशी, फॉयरमध्ये लागेल, मंडळाच्या थोरांच्या रांगेत."

त्या रांगेत बावीस माणसं आहेत. राजाच्या वेषात, सेनापतीच्या, भिकाऱ्याच्या, धर्मगुरूच्या. बायका चार. सगळ्यांच्या अंगावर कपडे आहेत.

मग क्लेसनं कडं तिच्या हातात दिलं आणि एक पाऊल मागे सरला. आता तिनं बोलायचं. काय बोलायचं ते प्रेक्षागृहातल्या सातशे माणसांना माहीत होतं. छापून देण्याची गरज नव्हती. आमच्यातलं लहानातलं लहान मूल ते वाक्य बोलतं.

ती बोलली नाही.

मी मोजायला लागले. मला दुसरं काही येतच नाही.

तीन. चार. बूट स्थिर. टाचा स्थिर. पाच. कपडेपटातली एक बाई रडायला लागली, तिला वाटलं दीसाला भरून आलंय. सहा. सात. क्लेसची एक खडाव किंचित वर झाली. आठ. नऊ, काय सुंदर थांबलीय. दहा.

मला तिच्या टाचा दिसत होत्या. मी शपथेवर सांगते, टाचा जागेवर होत्या. ती विसरली नव्हती. सव्वीस वर्षांत कोणाच्या थांबण्यातला आणि विसरण्यातला फरक मला कळला असेल तर तो हिच्या. ही रेघ होती. वहीत काढली असती तर पानाखाली उतरली असती.

पण आभारांच्या जागी शांतता आली की आमच्याच्यानं राहवत नाही. ते लहानपणी खुर्चीवर शिकवलेलं असतं. कोणीतरी न म्हणता उतरतंय. त्याला परत बसवा.

अकरा.

मी म्हटलं, "आभारी आहे."

प्रॉम्प्टरचा आवाज म्हणजे कुजबुज नव्हे. तो ओठांवर, धारदार, सरळ रेषेत टाकायचा असतो. रंगमंचावर सगळ्यांना ऐकू आलं. पहिल्या चार रांगांना पण.

दीसानं खाली बघितलं. खोक्यातून मला तिचा चेहरा पहिल्यांदाच सरळ माझ्याकडे वळलेला, खालून, दिसत होता. तिनं हळू आवाजात बोलायचा प्रयत्न केला नाही. शेवटच्या रांगेसाठी बोलली, नेहमीसारखी.

"मायकेन, मला ते वाक्य येतं."

लोक हसले. त्यांना वाटलं, कोटी केली. क्लेससुद्धा हसला, सुटल्यासारखा.

"पण मी कुठे जात नाहीये," ती म्हणाली. "सोमवारी दहा वाजता 'गोदीची मालकीण'चं पहिलं वाचन आहे. मी येणार आहे."

मग तिनं ते कडं खाली ठेवलं. माझ्या खोक्याच्या तोंडावर ठेवलं. बरोब्बर बसलं. माझ्यासमोर फक्त पानं. तिचे बूट गेले ते मला दिसले नाहीत, ऐकू आले. डावीकडच्या विंगेत. घाई नव्हती.

टाळ्या कोणी वाजवल्या नाहीत. पडदा पडायला फार वेळ लागला. मी पानांच्या मागे बसून राहिले, वही मांडीवर, पेन्सिल हातात.

मी तिच्या प्रेक्षागृहातली खोकणारी बाई होते.

वर्तुळ. हे माझं.

रविवारी 'सुंडविक वार्ता'नं फोटो छापला. कोणता ते सांगत नाही. खाली लिहिलं, गावानं दिलेलं प्रेम नाकारलं. आठवडाभर वाचकांची पत्रं येत होती. एका निवृत्त शिक्षिकेनं लिहिलं, आमच्या घरी असल्या मुलांना जेवण मिळत नसे. एकानं लिहिलं, उत्तरेकडच्यांना रीत कुठून माहीत असणार. नियम चौदाबद्दल एकही पत्र नाही. पासष्ट आणि पंचावन्न या दोन आकड्यांमध्ये कोणालाही काही दिसलं नाही. सगळ्यांना ती न म्हटलेली दोन शब्दांची ओळ मात्र दिसली.

सोमवारी ती आली. दहाला पाच कमी असताना.

तालमीच्या खोलीत लांब टेबल, दहा खुर्च्या, दहा प्रती, दहा कप. अकरावी खुर्ची नव्हती. दीसा बाहेर गेली, दारवानाची खुर्ची घेऊन आली आणि टेबलाच्या टोकाला बसली. ओव्हरकोट काढला, घडी करून पाठीमागे लावला. आम्ही भांडत नाही. आम्ही कपात बघतो.

यिवोन कास्क नीट बाई होती, तिच्याबद्दल मला राग नाही. राग करायला तिथे माणसं पुष्कळ होती. तिनं मालकिणीचं पहिलं वाक्य वाचलं. "कोण आहे दारात?"

"कोण आहे दारात?" दीसा म्हणाली. प्रत न बघता.

यिवोन थांबली. क्लेसकडे बघितलं. क्लेस कपात बघत होता. यिवोननं दुसरं वाक्य वाचलं, दीसानं दुसरं वाक्य म्हटलं. तिसरं. चौथ्यापासून यिवोन नुसतीच ओठ हलवत होती. सातव्याला तिनं तेही थांबवलं आणि प्रत बंद करून ऐकत बसली.

पहिला अंक. दुसरा अंक. एक तास चाळीस मिनिटं. मुलाचं काम करणारा राग्नार होता. होय, मुलाचं. तो दीसापेक्षा बारा वर्षांनी मोठा आणि तिचा मुलगा. "आई," तो म्हणाला, आणि चष्मा पुसला, आणि जागा शोधली, "आई, गोदी विकली."

ती थांबली.

मी तोंडावर हात ठेवला. खरोखर, तळवा ओठांवर दाबून ठेवला. नऊ झाले. दहा. अकरा. कोणी खोकलं नाही. बारा. तेरा. ती वाट बघत होती आणि त्या खोलीत एकही माणूस खोकायला तयार नव्हता. चौदाला क्लेस त्या बाळ झोपल्याच्या आवाजात म्हणाला, "कॉफी घेऊ या का?"

सगळे उठले. खुर्च्यांचा आवाज झाला. दहा माणसं कँटीनकडे गेली आणि त्यांच्यात मी होते.

परत आलो तेव्हा दारवानाची खुर्ची दारवानाकडे होती.

मंगळवारची तालीम एका शाळेच्या व्यायामशाळेत हलवली. चिठ्ठी सगळ्यांच्या खणात होती, तिच्या खणात नव्हती. तिचा खण रिकामा करून त्यात दिव्यांच्या वायरी ठेवल्या होत्या. ती मात्र दहाला पाच कमी असताना जुन्या खोलीत आली होती, हे दारवानानं मला गुरुवारी सांगितलं. मंगळवारी, बुधवारी आणि गुरुवारी. बारापर्यंत बसायची आणि जायची.

"बोलली काही?" मी विचारलं.

"कोणाशी बोलणार? भिंतीशी बोलत होती. छान बोलते पण." तो नाकानं हसला. "तू सांगितलं नाहीस होय तिला, शाळेत आहे म्हणून?"

"तू का नाही सांगितलंस?"

"मी दारवान. मी दार बघतो."

शुक्रवारी मी तालमीला गेले नाही. सकाळी नाट्यगृहाच्या तळघरातून दीसाच्या त्रेचाळीस वह्या काढल्या. लिखाण माझं, म्हणून चोरी नाही, असं स्वतःला सांगत पिठाच्या दोन गोण्यांत भरल्या आणि सायकलच्या मागे बांधून तिच्या घरी नेल्या. नाटक संपल्यावर नटीचं काही उरत नाही. सिनेमातली पाठ उरते. पण तिचा प्रत्येक श्वास आणि प्रत्येक थांबणं कुठे लिहिलेलं असेल तर ते या वह्यांत होतं.

तिनं दार उघडलं. गोण्या बघितल्या.

"हे काय?"

"तू. सव्वीस वर्षांची."

तिनं एक वही काढली, उभ्या उभ्या चाळली. एका पानावर बोट ठेवलं. "इथे मी थांबले होते एवढी?"

"सहा सेकंद."

"जास्त झाले." वही परत गोणीत टाकली. "तुला शनिवारचं माहीत होतं."

"मंगळवारपासून."

"लाथ मारताना माहीत होतं."

"हो."

"म्हणून जोरात लागली." ती बाजूला झाली नाही. मी पायरीवर, ती दारात. "तो क्लेस. तो राग्नार. ते सगळे. त्यांच्याकडून मला काय अपेक्षा असणार? पण तू, मायकेन. त्या सातशे लोकांत एक माणूस होतं ज्याला ठाऊक होतं की मी विसरलेले नाही. तेच बोललं."

"रागावली आहेस माझ्यावर?"

तिनं ओठांचा चंबू केला आणि हवा आत ओढली. नाट्यशाळेनं दोन वर्षं घेऊन मोडलेलं ते उत्तरेकडचं हो. मी ते तिच्या तोंडून पहिल्यांदा ऐकलं. वहीत त्याला खूण नाही.

मग तिनं दोन्ही गोण्या ओढून आत घेतल्या आणि दार लावलं. आभार मानले नाहीत.

शरदात 'गोदीची मालकीण' झालं. यिवोनच्या केसांना पांढरी पावडर लावली, गालांवर सुरकुत्या काढल्या. दुसऱ्या अंकाच्या शेवटी ती चार सेकंद थांबायची. मी खोक्यात होते. होते, म्हणजे गेले नाही कुठे. दीसा त्या रंगमंचावर परत उभी राहिली नाही. नियम चौदा तीन वर्षांनी बदलला, आता सगळ्यांनाच पासष्ट. त्याचीही कोणी बातमी केली नाही. फोटो फॉयरमध्ये अजून आहे.

दोन वर्षांनी नवीन इमारत झाली. क्लेस मला विसरला नाही. कँटीनमध्ये केक आणला, वर बदामाच्या लगद्याचा हिरवा थर, आणि जुन्या खोक्याची एक फळी वार्निश लावून माझ्या हातात दिली. आपण एक कुटुंब आहोत, म्हणाला. मग एक पाऊल मागे सरला. राग्नार मिशीखालून हसत होता. सगळे माझ्याकडे बघत होते.

मी ठरवून गेले होते. बसमध्ये मनाशी पाठ केलं होतं, अकरापर्यंत मोजायचं.

एक झालं नाही तोच मी म्हटलं, "आभारी आहे."

*

त्या सिनेमाचं ते दृश्य १९५२ च्या मे महिन्यात नऊ वेळा घेतलं गेलं. पाणी सहा अंश होतं, आणि दीसाला पोहता येत नव्हतं.